साखळीवर चालणारी नाव

पूर्णा वऱ्हाडच्या अगदी मधून वाहते. बैतूल जिल्ह्यातल्या सातपुड्यात ती उगम पावते, अमरावती, अकोला आणि बुलढाणा हे तिन्ही जिल्हे ओलांडते आणि पुढे चांगदेवाजवळ तापीला मिळते. तिच्या उत्तरेला अकोट, तेल्हारा, दर्यापूर, अचलपूर; दक्षिणेला अकोला, मूर्तिजापूर, शेगाव. म्हणजे उत्तम कापूस पिकवणारा मोठा मुलूख एका काठाला आणि मुंबईच्या रेल्वेची स्टेशने दुसऱ्या काठाला, अशी ही देवाने आणि जी. आय. पी. रेल्वेने मिळून केलेली वाटणी आहे. मधल्या पाण्यातून पलीकडे कसे जायचे, हा प्रश्न मात्र दोघांनीही आपल्यावर सोडला.

अकोल्याहून अकोटला निघाले की गांधीग्रामला ही नदी आडवी येते. अकोल्याचे शिवभक्त श्रावणात येथूनच कावडी भरून घेतात आणि रात्रभर चालत जाऊन राजराजेश्वराला पूर्णेच्या पाण्याचा अभिषेक करतात. १९४४ सालच्या अवर्षणात ही प्रथा सुरू झाली असे सांगतात. या ठिकाणी इंग्रजी अमदानीतला एक पूल आहे. २०२२ च्या ऑक्टोबर महिन्यात, दिवाळी अगदी तोंडावर आली असताना, त्या पुलाला तडा गेल्याचे आढळले आणि त्यावरची वाहतूक थांबवावी लागली. पंचेचाळीस किलोमीटरची सरळ वाट एका दिवसात तुटली. कापसाचा हंगाम, बाजाराची गर्दी, भाऊबीजेला निघालेल्या लेकीबाळी, दवाखान्याची निकड, सगळे काही आडवाटेच्या वळशावर जाऊन पडले. पुढच्या महिन्यात अकोला-अकोट आगगाडी रुंद मार्गावरून पुन्हा सुरू झाली, तेव्हा कोठे लोकांचा जीव खाली पडला.

अशा वेळी कोणाच्याही मनात एक साधा प्रश्न उभा राहतो. पूल नसेल तर नसो. मोटार नावेत घालून पलीकडे नेता येणार नाही काय? घरातली लहान मुले तर हा प्रश्न हमखास विचारतात आणि मोठी माणसे त्यांना गप्प बसवतात. पण प्रश्न खुळेपणाचा नाही. मोटारी, बैलगाड्या, गुरे, माणसे सगळ्यांना एकदम उचलून नेणारी नाव जगात आहे, आणि तिची कहाणी मोठी मौजेची आहे. या नावेला शीड नाही, वल्ही नाहीत, सुकाणू नाही. ती वळत नाही, भरकटत नाही, तिचे तोंड कोणते आणि पाठ कोणती हेही सांगता येत नाही. नदीच्या तळाशी टाकलेल्या दोन साखळदंडांना धरून ती या काठाहून त्या काठाला जाते आणि तशीच उलट पावली परत येते.

पूर्वी आपल्याकडे नदी ओलांडायचे मार्ग तीन. पहिला उताराचा. जेथे पाणी उथळ आणि तळ कठीण असे जागेला उतार म्हणत, आणि गावोगावच्या जाणत्यांना आपापल्या नदीचे उतार तोंडपाठ असत. दुसरा मार्ग डोंग्याचा. भोई किंवा कोळी डोंगा घालत, माणशी काही घेत, आणि ओळखीच्या गावकऱ्यांकडून पैशांऐवजी सुगीला धान्य घेत. तिसरा मार्ग म्हणजे वाट पाहण्याचा. पूर आला की काठावर बैल सोडायचे, तीन दगड मांडून चूल पेटवायची आणि पाणी उतरण्याची वाट पाहायची. हा तिसरा मार्ग सर्वांत स्वस्त असल्यामुळे सर्वांत जास्त वापरला जाई. गाडी पलीकडे न्यायचीच असेल तर दोन नावा शेजारी शेजारी बांधून त्यांवर फळ्या टाकीत आणि बैल सोडून, ओझे उतरवून, गाडी हातांनी वर चढवीत. एक गाडी पलीकडे जायला अर्धा दिवस गेला तरी कोणी घड्याळाकडे पाहत नसे, कारण घड्याळ नसे.

इंग्रजांनी या व्यवहाराला कायद्याची चौकट घातली. मुंबई इलाख्यासाठी १८६८ साली आणि उत्तर हिंदुस्थानासाठी १८७८ साली तरींचे कायदे झाले. दुसरा कायदा पुढे मध्य प्रांतासही लागू होता. सरकारी तरीच्या उत्पन्नाचा मक्ता लिलावाने द्यायचा, भाड्याचे दर ठरवून द्यायचे, आणि अशा तरीपासून दोन मैलांच्या आत परवानगीवाचून दुसऱ्या कोणी नाव घालायची नाही, असा १८७८ च्या कायद्याचा दंडक होता. दोन मैलांची ही अट वाचली की नदी ओलांडणे हा किती मोलाचा व्यवहार होता ते ध्यानात येते. फायदा नसलेल्या धंद्याभोवती कोणी कुंपण घालीत नाही.

आता साखळीच्या नावेकडे वळू. तिच्यासाठी आपल्याला पूर्णेचा काठ सोडून इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, डेव्हन आणि कॉर्नवॉल या परगण्यांत जायला हवे. तेथला किनारा आपल्या कोकणासारखा आहे. समुद्राचे फाटे डोंगरांत खोलवर शिरलेले, दोन्ही काठ उंच, पाणी खोल, आणि भरती-ओहोटीने दिवसातून दोन वेळा सगळे वरखाली होणारे. अशा डार्ट नदीच्या मुखाशी डार्टमथ नावाचे जुने बंदर आहे. १८३० च्या सुमारास तेथे प्रश्न उभा राहिला तो आपल्या गांधीग्रामसारखाच. पलीकडे जायचे कसे?

हे काम जेम्स मेडोज रेंडेल या तरुण इंजिनियराकडे आले. त्याचा जन्म १७९९ चा, डेव्हनमधलाच. प्रसिद्ध टेलफर्डच्या हाताखाली त्याने मोजणीचे काम केलेले होते, आणि प्लिमथजवळ लायरा येथे बिडाचा एक मोठा पूल १८२७ मध्ये पुरा करून त्याने नावही मिळवले होते. डार्टवर त्याच्या मनात पूलच होता. पण त्याला विरोध झाला. शिवाय बंदरात शिडाची जहाजे ये-जा करीत. त्यांच्या उंच डोलकाठ्या खालून जाव्यात एवढा पूल उंच बांधायचा तर खर्च आभाळाला भिडणार, आणि ठेंगणा बांधावा तर बंदर मेले. पूल नको आणि पुलावाचून चालत नाही, अशा कात्रीत रेंडेल सापडला. त्याने दोघांच्या मधला तोडगा काढला. १८३१ साली डार्टमथला त्याची वाफेवर चालणारी साखळीची नाव सुरू झाली. लोकांनी तिला नाव न म्हणता ‘तरता पूल’ म्हटले, आणि इंग्लंडात काही ठिकाणी आजही तिला तेच नाव आहे.

तिची रचना समजायला इंजिनियर असावे लागत नाही. आपल्या जुन्या विहिरीत दोर धरून वर चढणारा माणूस डोळ्यांपुढे आणा. दोर जागच्या जागी असतो. माणूस एकेक हात पुढे टाकीत त्याच्यावरून सरकतो. साखळीची नाव असेच करते. नदीच्या एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत दोन जाड साखळ्या टाकलेल्या असतात. त्या नावेच्या दोन्ही अंगांनी आत येतात, रहाटाच्या चाकासारख्या मोठ्या दात्यांच्या चाकांवरून जातात आणि मागल्या बाजूने पुन्हा पाण्यात उतरतात. इंजिन ती चाके फिरवते. चाकाचे दाते साखळीच्या कड्यांत अडकतात आणि नाव साखळीवरून स्वतःला पुढे ओढून घेते. साखळी कोठेच जात नाही. पुष्कळांचा येथे गैरसमज होतो. त्यांना वाटते की काठावरचे यंत्र साखळी गुंडाळून नावेला ओढते. तसे नाही. यंत्र नावेवरच असते, आणि साखळी म्हणजे तिचा पाण्याखालचा रस्ता.

यातली खरी युक्ती पुढेच आहे. साखळी वजनाने जड असल्यामुळे नाव जेथे असेल तेवढ्या जागेपुरतीच ती वर उचलली जाते; बाकीची नदीच्या तळाशी पडून राहते. त्यामुळे नाव पलीकडे गेली की जहाजांना वाट मोकळी. शिडाच्या जहाजाची डोलकाठी कितीही उंच असो, तिला अडवायला वर काहीच नाही. पुलाने जे साधले नसते ते या बुडत्या साखळीने साधले.

भरती-ओहोटीची व्यवस्थाही रेंडेलने केली. पाणी वर चढले की साखळी जास्त लागते, उतरले की ती सैल पडते. म्हणून त्याने साखळीची टोके काठावर पक्की न जखडता खोल खड्ड्यांत वजने लावून लोंबती सोडली. पाणी चढले की वजने वर येत, उतरले की खाली जात, आणि साखळीचा ताण सारखा राही. आमच्याकडे पाळण्याच्या दोरीलाही इतका विचार कोणी देत नाही.

नावेची घडणही आगळी आहे. इंजिन मधोमध, आणि त्याच्या दोन्ही बाजूंना मोकळे पट्टे. दोन्ही टोकांना बिजागरीवर बसवलेली मोठी फळी असते. नाव काठाला लागली की फळी खाली पडते, आणि काठावर बांधलेल्या उतरत्या फरसबंदीवर टेकते. मग घोडागाड्यांना उलटे फिरण्याचे कारण नाही. एका टोकाने चढावे, दुसऱ्या टोकाने उतरावे. दोनशे वर्षांपूर्वी हे किती मोठे सुख होते ते एखाद्या जुन्या गाडीवानाला विचारावे. जनावर पाण्यातून नावेत चढवणे, ते बुजणे, उड्या मारणे, गाडी कलणे, या सगळ्या विघ्नांतून त्याची सुटका झाली. घोड्याला वाटे आपण रस्त्यावरच आहोत. फक्त रस्ताच हलतो आहे.

या कामगिरीबद्दल सिव्हिल इंजिनियरांच्या लंडनच्या संस्थेने रेंडेलला टेलफर्ड पदक दिले. मागणी लगोलग वाढली. १८३० च्याच दशकात टेमर नदीवर सॉल्टॅश आणि टॉरपॉइंट येथे आणि साउदॅम्प्टनजवळ इचेन नदीवर वुलस्टन येथे त्याच्या नावा सुरू झाल्या. टॉरपॉइंटची १८३४ मध्ये, वुलस्टनची १८३६ मध्ये. आइल ऑफ वाइट बेटावर काउझ गावाचे दोन भाग मेडिना नदीने वेगळे केले आहेत. तेथे १८५९ पासून साखळीची नाव आहे.

पण शोध लागला म्हणजे सगळे सुरळीत झाले असे नसते, आणि इतिहास सांगताना लेखक मंडळी हा भाग बहुधा गाळतात. साखळी झिजते. खाऱ्या पाण्यात, चिखलात, वाळूत ती रात्रंदिवस पडलेली, आणि दर खेपेला लोखंडी दात्यांवर घासलेली. प्रत्येक कडे थोडेथोडे झिजले की सगळी साखळी लांबते, आणि तिची कडी चाकाच्या दात्यांशी जुळेनाशी होतात. सायकलची जुनी साखळी दात्यांवरून घसरते ती याच कारणाने. ज्याने भर उन्हात अशी सायकल ढकलीत घरी आणली असेल त्याला हे निराळे समजावून सांगायला नको. म्हणून साखळी वेळोवेळी तपासावी लागते आणि ठराविक काळाने सबंध बदलावी लागते. डार्टमथला ही झीज इतकी नडली की काही वर्षांतच वाफेचे यंत्र बाजूला ठेवून घोड्यांच्या बळावर नाव चालवण्याची पाळी आली. रेंडेलची कीर्ती इंग्लंडभर पसरत असताना त्याच्या पहिल्या नावेवर घोडे घाण्याच्या बैलासारखे गोल फिरत होते.

नॉर्फक परगण्यात रीडम नावाचे खेडे आहे. तेथे येअर नदीवर साखळीची नाव आहे, ती एका वेळी तीन मोटारी नेते. तीनच. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ती हातानेच चाक फिरवून ओढीत. पण एवढ्याशा नावेवाचून लोकांना पुष्कळ मैलांचा फेरा पडतो, म्हणून ती टिकून आहे. डॉर्सेटमधल्या सँडबँक्सची नाव १९२६ ची. २०१९ मध्ये तिच्या यंत्रात मोठा बिघाड होऊन ती काही महिने बंद पडली, तेव्हा चार-पाच मिनिटांच्या पाण्यासाठी लोकांना सुमारे पंचवीस मैल फिरून जावे लागले. गांधीग्रामच्या मंडळींना ही बातमी वाचून परकी वाटली नसती.

टॉरपॉइंटची हकीकत जरा सविस्तर सांगण्याजोगी आहे. तेथे टेमर नदी जवळजवळ अर्धा मैल रुंद होते, आणि बाजूलाच डेव्हनपोर्टची आरमारी गोदी आहे. लढाऊ जहाजे सतत ये-जा करणारी. उधाणाच्या भरतीला पाणी पंधरा फुटांच्या आसपास चढते. अशा जागी १८३४ साली सुरू झालेली तर आजही चालू आहे. नावा मात्र अनेकदा बदलल्या. सध्याच्या तीन नावा २००४-०५ च्या सुमारास आल्या. प्रत्येक नावेची साखळ्यांची स्वतंत्र जोडी आहे, आणि प्रत्येक नाव त्र्याहत्तर मोटारी नेते. तिन्ही शेजारी शेजारी चालतात आणि तर रात्रंदिवस, वर्षाचे सर्व दिवस सुरू असते. मध्यरात्री आजारी माणसाला प्लिमथच्या इस्पितळात न्यायचे असले तरी नाव असते.

आता पैशाचा भाग पाहा. १९६१ साली टॉरपॉइंटच्या वरच्या अंगाला, सॉल्टॅशला, टेमर नदीवर मोटारींचा मोठा झुलता पूल झाला. त्याबरोबर सॉल्टॅशची रेंडेलच्या वेळची तर बंद पडली. टॉरपॉइंटचीही पडली असती. पण तेथल्या दोन्ही काठांच्या नगरसंस्थांनी पूल आणि तर यांचा कारभार एकाच समितीकडे ठेवला. दोन्हींना एकच जकात, तीही एकाच दिशेला, कॉर्नवॉलहून प्लिमथकडे जाताना. गेलेला माणूस कधी तरी परत येणारच, हा हिशेब. आणि पुलावर जमणाऱ्या पैशातून तरीची तूट भरून निघते. पुलाने तरीला मारायचे सोडून पोसायला घेतले, असे उदाहरण माझ्या माहितीत तरी फार थोडे आहे. वुलस्टनच्या नावेचे नशीब एवढे थोर नव्हते. १९७७ मध्ये इचेनवर पूल झाला आणि एकशे एक्केचाळीस वर्षे चाललेली ती तर त्याच वर्षी थांबली.

रेंडेल स्वतः पुढे गोद्या, बंदरे आणि आगगाड्या यांच्या कामात गढून गेला. येथे आपला आणि त्याचा संबंध येतो. कलकत्त्याकडच्या ईस्ट इंडियन रेल्वेचा तो सल्लागार इंजिनियर होता. १८५६ मध्ये तो वारला, आणि ते काम त्याचा मुलगा अलेक्झांडर मेडोज रेंडेल याने चालवले. सिंधू नदीवर सक्करला पूल होण्यापूर्वी आगगाडीचे डबे वाफेच्या नावेवर चढवून पलीकडे नेत. तेथे १८८९ साली लॅन्सडाउन पूल झाला, त्याचा आराखडा या मुलाचा. बापाने पूल होत नाही म्हणून नाव काढली; मुलाने नाव पुरत नाही म्हणून पूल बांधला. आणि कलकत्त्यात हुगळीवर १८७४ पासून जो पूल होता तो तरत्या पिंपांवरचा, जहाजांसाठी मधोमध उघडणारा. त्याच्या जागी १९४३ मध्ये आजचा प्रचंड हावडा पूल आला. त्याची आखणी करणाऱ्या मंडळींच्या नावात पहिला शब्द रेंडेलचाच आहे.

मग वऱ्हाडात अशी नाव का येऊ नये? नदी आहे, दोन काठ आहेत, मधे वाहतूक आहे. उत्तर पूर्णेच्या स्वभावात आहे, आणि त्याहून अधिक आपल्या मातीत.

साखळीच्या नावेला पाणी लागते ते नेमाचे. भरती-ओहोटी कितीही असो, तिला वेळापत्रक असते. पूर्णेला वेळापत्रक नाही. उन्हाळ्यात तिच्यात ठिकठिकाणी डोह तेवढे उरतात. तेथे नाव गाळात रुतून बसायची. आणि सातपुड्यात पाऊस कोसळला की चंद्रभागा, शहानूर, वाण यांचे पाणी घेऊन ती काही तासांत अशी फुगते की बाभळीची झाडे मुळांसकट वाहत येतात. तळाशी टाकलेली साखळी एका पावसाळ्यात गाळाखाली गाडली जाईल, किंवा एखादे खोड तिच्यात अडकून नावेसकट सगळे ओढून नेईल. शिवाय नाव लागायला काठावर कठीण उतार हवा. आमच्या काठाला काळी माती. पावसाळ्यात लोण्यासारखी आणि उन्हाळ्यात हात जाईल अशा भेगांची. तिच्यावर फरसबंदी टिकवणे म्हणजे दरवर्षी नवा काठ बांधणे.

पण हे झाले निसर्गाचे. एक गोष्ट मला याहून महत्त्वाची वाटते, आणि तिच्याकडे सहसा कोणी लक्ष देत नाही. वऱ्हाडच्या कापसाचे आणि नदीच्या पाण्याचे पूर्वी छान जमत असे. विकाजी आणि पेस्तनजी या पारशी व्यापाऱ्यांनी १८२५-२६ मध्ये वऱ्हाडी कापूस प्रथम मुंबईला पाठवला तो बैलांच्या पाठीवरून. त्याआधी बराचसा माल लमाणांच्या तांड्यांबरोबर दूर गंगाकाठी मिर्झापूरला जाई. पाठीवर गोण्या लादलेला बैल उतारावरून आरामात पार होतो. पुढे १८६७ मध्ये आगगाडी अकोल्यावरून नागपूरला पोचली आणि गाड्यांची रांग लागली. तरी कापूस वेचायला येतो दसऱ्या-दिवाळीनंतर, जिनात आणि बाजारात जातो तो कार्तिकापासून फाल्गुनापर्यंत. नेमके हेच महिने पूर्णेचे पाणी उतरण्याचे. कापसाला वाट हवी तेव्हा नदी आपण होऊन वाट देई. आणि पावसाळ्यात? पावसाळ्यात नदीपर्यंत जायचेच कोणी? अकोटचा गाडीवान नदीने अडण्याआधी आपल्याच गावच्या पांदीत, चाकाच्या तुंब्यापर्यंत चिखलात अडलेला असे. त्या दिवसांत अडवणारी पूर्णा नव्हती, काळी माती होती. नदीवर नाव नाही म्हणून कोणाचे फारसे अडले नाही, कारण अडायला आधी रस्ता असावा लागतो.

खडीचे रस्ते झाले, मोटारी आल्या, शाळा, कचेऱ्या आणि दवाखाने तालुक्याहून जिल्ह्याच्या गावी सरकले, तेव्हा बारमाही वाटेची निकड भासू लागली. १९१३ साली मूर्तिजापूरहून अचलपूरला अरुंद रुळांची गाडी निघाली, तीच पुढे ‘शकुंतला’ म्हणून लाडकी झाली. तिलाही पूर्णा ओलांडावी लागली, पण आगगाडी पुलानेच ओलांडते. रस्त्यांवरही पूल झाले. आमच्याकडे जहाजांची अडचण नसल्यामुळे पुलाला विरोध करणारा कोणी नव्हता. उतारावरून आम्ही थेट पुलावर आलो. मधली पायरी कधी लागलीच नाही. पूल झाल्यावर डोंगे काठावर उलटे पडले, उतार बाभुळबनात हरवले, आणि नदीचा तळ ओळखणारी माणसे एकेक करून गेली. म्हणून २०२२ मध्ये पुलाला तडा जाताच मागे काहीच उरलेले नव्हते. पूल बंद करण्याचा निर्णय मात्र योग्यच होता, असे मला वाटते. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा असाच जुना दगडी पूल पुरात गेला आणि त्याच्याबरोबर दोन एस. टी. गाड्या गेल्या, ते कोणी विसरलेले नाही. वळसा परवडतो.

मोटारी नेणारी नाव पाहायची हौस असलेल्यांनी मात्र इंग्लंडला जाण्याचे कारण नाही, कोकणात जावे. वाशिष्ठीच्या खाडीवर दाभोळ ते धोपावे अशी मोटारींची फेरीबोट २००३ पासून चालते. दापोलीकडून गुहागरला जाणाऱ्याला पूर्वी चिपळूणवरून फिरून जावे लागे. जयगडला आणि वेसवी-बागमांडल्यालाही अशा बोटी आहेत. लोक त्यांना ‘जंगल जेट्टी’ म्हणतात. यांना साखळी नसते. आपल्या इंजिनाच्या जोरावर, वारा आणि ओढ सांभाळीत, खलाशी त्या काठाला लावतात. पण फळी खाली पडते, मोटारी घरंगळत वर येतात, शेजारी मासळीच्या टोपल्या, शाळेची पोरे आणि एखादी बकरी उभी राहते, तेव्हा रेंडेलने डार्टमथला काय पाहिले असेल याची कल्पना येते. सुट्टीत मुलांना घेऊन एकदा हा प्रवास करावा. भाडे थोडे आणि आनंद पुष्कळ.

गोव्यात तर हा व्यवहार सरकारच्या नदी-वाहतूक खात्याकडे आहे, आणि त्या खात्याची खरी परीक्षा १९८६ मध्ये झाली. पणजी आणि बेती यांच्या मधे मांडवी नदीवर पूर्वी फेरीबोटीच चालत. १९७० च्या सुमारास तेथे पूल झाला, नेहरूंच्या नावाचा. ५ जुलै १९८६ रोजी, भर पावसाळ्यात, तो कोसळला. मुंबईकडून येणारा हमरस्ता राजधानीच्या दारात तुटला. त्या दिवसापासून माणसे, मोटारी, भाजीपाला सगळ्यांची मदार पुन्हा फेरीबोटींवर आली. नवा पूल खुला व्हायला १९९२ साल उजाडले. त्या काळात पणजीकर पहाटेपासून रांगेत उभे राहत, बोट आली की पुढे सरकत, आणि भरल्या बोटीवर पाऊस अंगावर घेत पलीकडे उतरत. त्या बोटी चालवणारे तांडेल आणि खलाशी हाताशी होते, कारण चोडण-दिवाडीसारख्या बेटांवर पूल नसल्यामुळे तेथल्या फेऱ्या कधी थांबल्याच नव्हत्या. रायबंदर ते चोडण ही फेरी अजूनही चालते. पाणी ओलांडायला काही मिनिटे लागतात, आणि चोडणची मंडळी तेवढ्या वेळात गावच्या सगळ्या बातम्या एकमेकांना सांगून टाकतात.